त्याने एक कोड मागितला, मी दहा दिले

मी बँकेत काम करतो हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं वाचताना हसायला मोकळीक राहील. पुण्यातल्या एका सहकारी बँकेची शाखा. आमच्या काउंटरच्या काचेवर ‘ओटीपी, पिन, पासवर्ड कोणालाही सांगू नका’ असं पत्रक आहे. ते मीच चिकटवलंय, जरा वाकडं. त्याच काचेच्या आत बसून, डबा खाता खाता, मी एका अनोळखी पोराला माझा पासवर्ड आणि दहा कोड पाठवले. त्याने एकच मागितला होता.

प्रकरण प्लेस्टेशनच्या गेमचं आहे. ज्यांच्या घरी हे यंत्र नाही त्यांना वाटेल, खेळण्यावरून एवढं काय. पण ज्यांच्या घरी आहे आणि पोरं नवीन गेमसाठी मागे लागतात, त्यांनी थोडा वेळ काढून वाचावं.

सुरुवात अगदी घरातूनच झाली, आणि ती चांगली होती. नाशिकला माझा मावसभाऊ असतो, माझ्यापेक्षा सात वर्षांनी लहान. त्याच्याकडेही पीएस५, म्हणजे प्लेस्टेशन ५, माझ्याकडेही. यात एक सोय आहे. तुमचं खातं एका पीएस५वर ‘कन्सोल शेअरिंग’ म्हणून चालू करता येतं. एका वेळी एकाच. मग त्या यंत्रावर जो कोणी खेळायला बसेल त्याला तुमच्या खात्यावर विकत घेतलेल्या गेमा चालतात, इंटरनेट नसलं तरी. आणि तुम्ही स्वतः दुसऱ्या यंत्रावर आपल्या खात्याने लॉगिन करून खेळू शकता, फक्त तिथे नेट चालू लागतं. आम्ही काय केलं, माझं खातं त्याच्या यंत्रावर शेअर केलं आणि त्याचं माझ्या. वर्षाला दोन गेमा त्याने घ्यायच्या, दोन मी. चारही दोन्ही घरी चालायच्या. चार-पाच हजारांच्या गेमा अशा निम्म्या भावात पडायच्या. दोन वर्षं एकदाही कुरबूर झाली नाही. त्याला माझा पासवर्ड माहीत होता, मला त्याचा, आणि मावशीच्या घरी वाढलेल्या पोरावर विश्वास ठेवायला काही कागद लागत नाही.

गफलत इथेच झाली. हे दोन वर्षं सुरळीत चाललं म्हणून मला वाटलं की ही युक्तीच भरवशाची आहे. भरवशाचा भाऊ होता, हे लक्षातच आलं नाही.

ऑक्टोबर २०२३मध्ये स्पायडरमॅनच्या गेमचा दुसरा भाग आला, फक्त पीएस५साठी. किंमत ४,९९९ रुपये. त्या वर्षीच्या दोन्ही गेमा माझ्या घेऊन झाल्या होत्या, भावाच्याही. दिवाळीत मुलाने विषय काढला आणि रोज काढत राहिला. तेव्हा इन्स्टाग्रामवर मला तो विकणारा दिसला. पोस्टमध्ये दोन भाव: ‘प्रायमरी २३००, सेकंडरी १४००’. खाली गिऱ्हाइकांच्या चॅटचे फोटो, ज्याला त्या लोकांत ‘वाउच’ म्हणतात. ‘भाई जेन्युइन आहे’, ‘दहा मिनिटांत काम’, वगैरे.

हा धंदा कसा चालतो ते नंतर कळलं, पण इथेच सांगतो. विकणारा एक गेम एका कोऱ्या खात्यावर एकदाच विकत घेतो. त्या खात्याचं शेअरिंग तुमच्या यंत्रावर चालू करून देतो, ती प्रायमरी. त्याच खात्याने लॉगिन करून दुसऱ्या कुणाला खेळू देतो, ती सेकंडरी. गेम पीएस४ आणि पीएस५ दोन्हींवर चालणारी असेल तर आणखी दोन जागा निघतात, कारण पीएस४ची प्रायमरी वेगळी मोजली जाते. म्हणजे एका पावतीवर चार गिऱ्हाइकं. एका खोलीत चार भाडेकरू घातल्यासारखं, आणि खोलीची किल्ली कायम मालकाकडे. कंपनीच्या नियमांत खातं विकणं-वापरायला देणं बसत नाही, त्यामुळे पुढे भांडण झालं तर तुम्ही भाडेकरूही नसता. कोणीच नसता.

मला तेव्हा एवढंच दिसलं की २३०० म्हणजे निम्म्याहून कमी, आणि पद्धत तर आपल्या घरातलीच.

पैसे यूपीआयने पाठवले. समोर नाव आलं एका बाईचं. इन्स्टावर मुलाचं नाव होतं. बँकेत एखादं गिऱ्हाईक असं काही घेऊन आलं असतं तर मी दहा प्रश्न विचारले असते. इथे म्हटलं, असेल आईचं खातं.

त्याने खरोखर दहा मिनिटांत आयडी दिला, काय दाबायचं ते व्हॉइस नोटवर सांगितलं. ‘दादा, सेटिंग्ज, यूझर्स अँड अकाउंट्स, अदर…’ अगदी शांत, एखाद्या चांगल्या शिक्षकासारखा. मग नियम सांगितले: आमच्या आयडीत परत जायचं नाही, पासवर्डला हात लावायचा नाही, यंत्र फॉरमॅट करायचं नाही. गेम उतरली, मुलगा उड्या मारत इमारतींवरून फिरू लागला आणि मी बायकोला अभिमानाने सांगितलं की २७०० वाचवले. ती म्हणाली, “पावती कुठाय?” मी म्हटलं, अगं हे तसं नसतं.

मे २०२४मध्ये एके दिवशी गेमच्या चित्रावर छोटं कुलूप आलं.

प्लेस्टेशनवर ज्यांनी ते कुलूप पाहिलंय त्यांना माहीत आहे. गेम यंत्रात असते, शंभर जीबी जागा खाऊन बसलेली असते, पण उघडत नाही. खात्याच्या मालकाला वेबसाइटवरून आपल्या खात्याला जोडलेली सगळी यंत्रं एका फटक्यात काढून टाकता येतात. ही सोय सहा महिन्यांतून एकदाच वापरता येते. नोव्हेंबर ते मे, बोटं मोजा. त्याची मुदत भरली, त्याने मला काढलं आणि माझी जागा पुढच्याला विकली. हे गणित मला आज इतकं सोपं दिसतं, तेव्हा मी त्यालाच विचारायला गेलो.

तो तितकाच गोड. “दादा, रिस्टोर लायसन्स दाबलंत का? त्याने उडतं.” दाबलं होतं, कुलूप दिसल्यावर दाबलं होतं. मलाच वाटलं माझी चूक. ‘रीॲक्टिव्हेशन’चे ५०० मागितले, ते दिले. दोन दिवस ‘सर्व्हरला लोड आहे’. तिसऱ्या दिवशी स्वतःहून मेसेज: “दादा, तुम्ही जुने गिऱ्हाईक. पैसे जाऊ द्या, स्वॅप करू. तुमच्याकडच्या गेमा मी आठवडाभर वापरतो, बदल्यात दोन नव्या कायमच्या देतो. लिस्ट पाठवा.”

मी लायब्ररीचा फोटो काढून पाठवला. ३१ गेमा. २०१८ला पीएस४ घेतल्यापासून जमवलेल्या. खरं सांगतो, पाठवताना थोडा तोराही होता. सोनाराच्या दुकानात जाऊन आपणच दागिने तराजूवर ठेवावेत, तसं.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत त्याने आयडी आणि पासवर्ड मागितला. दिला. मग म्हणाला, टू-स्टेप (पासवर्डनंतरची दुसरी तपासणी) चालू आहे, कोड येईल. मी म्हटलं, ओटीपी मी देत नाही. (हे मी म्हटलं. अगदी ठणकावून म्हटलं.) तो म्हणाला, “बरोबर आहे दादा, ओटीपी कधीच कोणाला द्यायचा नाही. तुमच्याकडे बॅकअप कोड असतील ना, त्यातला एक द्या.”

टू-स्टेप चालू करताना प्लेस्टेशन दहा बॅकअप कोडची यादी देतं. फोन हरवला, सिम बंद पडलं, तर मेसेजच्या कोडऐवजी यातला एक टाकून आत जायचं. म्हणजे ओटीपीच, फक्त आधी छापून ठेवलेला आणि मिनिटभरात न संपणारा. ती यादी माझ्या मोबाइलच्या गॅलरीत फोटो म्हणून होती. त्यातला एक वेगळा टाइप करायचा कंटाळा आला म्हणून आख्खा फोटोच पाठवला. एका हातात चमचा होता.

दोन चाळीसला फोटो गेला. तीन वाजून बारा मिनिटांनी मी एका आजोबांचं पासबुक भरून देत होतो, तेव्हा फोन थरथरला. ईमेल: पासवर्ड बदलला. पाठोपाठ दुसरा: साइन-इन आयडी बदलला. आजोबा विचारत होते, व्याज जमा झालं का. मी त्यांना दोनदा ‘हो’ म्हणालो.

संध्याकाळी घरी पोचायच्या आत भावाचा फोन. “दादा, माझ्याकडे तुझ्या सगळ्या गेमांना कुलूप दिसतंय. काही बदललंस का?” त्याच्या यंत्रावर माझं शेअरिंग होतं, ते त्या पोराने काढून टाकलं होतं. इन्स्टावर मी ब्लॉक. प्लेस्टेशनच्या वॉलेटमध्ये गिफ्ट कार्डचे ११५० होते, तेही गेले. माझ्या घरात आता फक्त भावाच्या गेमा चालत होत्या आणि भावाच्या घरात माझी एकही नाही. त्याला खरं काय ते सांगायला मला दोन दिवस लागले. ‘सर्व्हरला लोड असेल,’ असं मी त्याला आधी सांगितलं. त्या पोराचंच वाक्य.

१९३०ला फोन केला. सायबर फसवणुकीची ही राष्ट्रीय हेल्पलाइन, आणि आमच्या काचेवरच्या पत्रकात हा नंबर तळाशी छापलेला आहे. बाई नीट बोलल्या. पैसे कधी गेले, विचारलं. म्हटलं, ५०० चार दिवसांपूर्वी आणि २३०० सहा महिन्यांपूर्वी. पलीकडे जरा शांतता झाली. पैसे समोरच्याच्या खात्यातून पुढे सरकायच्या आत कळवलं तरच ते गोठवता येतात, हे मी गिऱ्हाइकांना स्वतः सांगतो. तरी तक्रार नोंदवली. यूपीआयचा बारा आकडी व्यवहार क्रमांक लागतो, तो ॲपच्या इतिहासात असतो. चॅट मिटवायचं नाही, प्रोफाइलचे फोटो काढून ठेवायचे. पोलीस ठाण्यात गेलो तेव्हा हवालदारांनी “तुमच्या मुलाचं खातं गेलं का?” असं विचारलं. मी ‘हो’ म्हणालो. चाळिशीचा माणूस, लाज वाटली.

खातं मात्र परत मिळालं, अकराव्या दिवशी. ते माझंच आहे याचा पुरावा द्यायचा होता: जुना ईमेल, पूर्वीच्या खरेदीच्या पावतीवरचा क्रमांक, आणि खातं ज्या यंत्रावर होतं त्याचा सिरियल नंबर. पावत्यांचे ईमेल मी कधी उडवत नाही, ही बँकेची सवय कामाला आली. पीएस४ २०२२मध्ये विकून टाकला होता, पण त्याचा खोका माळ्यावर गणपतीच्या मखराच्या थर्माकोलमागे सापडला, आणि खोक्यावर नंबर होता. तेव्हा खोके टाकू नका, घरचे कितीही बोलोत. आणि ती बॅकअप कोडची यादी कागदावर लिहून कपाटात ठेवा. फोनच्या गॅलरीत ठेवली की ती एका अंगठ्याच्या अंतरावर असते.

भावाशी शेअरिंग पुन्हा सुरू झालं, पण आता तो दर गेमआधी “दादा, पासवर्ड तोच ना?” असं विचारतो. विचारण्यात काही नसतं, तरी ऐकू येतं. स्पायडरमॅन आम्ही नंतर डिस्कवर घेतला, सेकंडहँड. डिस्कचं बरं असतं. जून २०१३मध्ये, पीएस४ बाजारात यायच्या आधी, सोनीने ‘गेम मित्राला कशी द्यायची’ याचा चिमुकला व्हिडिओ काढला होता. एक माणूस दुसऱ्याच्या हातात डबी देतो, दुसरा आभार मानतो, संपलं. तेव्हा तो विनोद म्हणून पाहिला होता.

खातं परत मिळाल्यावर मुलाने ट्रॉफींची, म्हणजे गेममध्ये मिळवलेल्या बक्षिसांची, यादी उघडली. त्या अकरा दिवसांत माझ्या नावावर फुटबॉलच्या गेममध्ये सहा ट्रॉफी जमा झाल्या होत्या, त्यातल्या चार पहाटे तीन ते पाचमध्ये. त्या पुसता येत नाहीत. मुलगा म्हणाला, “बाबा, हा तुमच्यापेक्षा चांगला खेळतो.”

आठवड्याने त्या खेळाडूचाच मेसेज आला, प्लेस्टेशनवर, त्याच्या स्वतःच्या खात्यावरून. “भाई, आयडी से लॉगआउट हो गया, पासवर्ड चेंज किया क्या? मैंने सेकंडरी का फुल पेमेंट किया है।” त्याला माझं खातं विकलं होतं, आणि त्याच्या लेखी विकणारा मीच. बराच वेळ काय लिहावं कळेना. विकणारा मी नाही, माझंही गेलंय, हे सगळं टाइप केलं आणि पुसलं. शेवटी फक्त नंबर पाठवला: १९३०.

लगेच उत्तर आलं. “और १९३० देने पड़ेंगे?”