सात रस्त्याजवळचं बिनबलकाचं ऑम्लेट: अंडी चोख, तवा नाही

सात रस्त्याजवळच्या या अंड्याच्या गाडीवर 'पिवळं काढून' सांगितलं की तीन अंड्यांच्या पांढऱ्याचं ऑम्लेट मिळतं. कोलेस्टेरॉल सांभाळणाऱ्यांनी ते जरूर खावं, पण तवा तापायच्या आत दोन गोष्टी बजावून.

अंडी हाताळण्यात खोट नाही. प्रत्येक अंडं आधी वेगळ्या वाटीत फोडतात, त्यामुळे एखादं खराब निघालं तरी बाकीची वाया जात नाहीत. ५० ग्रॅमच्या अंड्यात कोलेस्टेरॉल साधारण १८५ मिलिग्रॅम, तेही सगळं बलकात. तीन पांढऱ्यांतून जवळपास ११ ग्रॅम प्रथिनं मिळतात आणि कॅलरी जेमतेम ५०. चुकून बलकाचा थेंब राहिला तरी काही बिघडत नाही.

बिघडतं ते तव्यावर. न मागता बटर पडतं, आणि हात सढळ आहे. मोठा चमचाभर, म्हणजे १४ ग्रॅम बटरमध्ये ७ ग्रॅम संपृक्त (सॅच्युरेटेड) चरबी असते. चार बलकांतही एवढी नसते! बहुतेकांचं एलडीएल, म्हणजे रक्तातलं 'वाईट' कोलेस्टेरॉल, खाण्यातल्या कोलेस्टेरॉलपेक्षा या चरबीनं जास्त वाढतं, म्हणजे बलक काढल्याचा फायदा तिथंच गेला. 'बटर नको, छोटा चमचाभर तेल' असं स्पष्ट सांगा. तेल कोणतं तेही विचारा. पामतेलात निम्मी चरबी संपृक्त असते. सूर्यफूल किंवा सोयाबीन चालेल.

दुसरं, आच. पांढऱ्यात चरबी नसते, त्यामुळे भडक गॅसवर प्रथिनं पटकन आवळतात, पाणी सुटतं आणि ऑम्लेट रबरासारखं चिवट होतं. गर्दीच्या वेळी नेमकं हेच होतं. गॅस बारीक करून झाकण ठेवायला सांगा, दोन-तीन मिनिटांत मऊ शिजतं. टोमॅटो बिया काढून घातला तर ओलसरपणाही राहत नाही. मीठ बेतानं, विशेषतः बीपी असेल तर.

सोबतचा मैद्याचा पाव टाळा. ज्वारीची कडक भाकरी पिशवीत असली तर उत्तम, वर चमचाभर शेंगाचटणी. शेंगदाण्यातली चरबी बहुतांश असंपृक्त, पण चमचाभरच.

एलडीएल थोडंच वाढलं असेल तर बलक पार बंद करायची सहसा गरज नसते. कोलीन हे पोषकद्रव्य आणि ड जीवनसत्त्व त्यातच असतं. मधुमेह किंवा हृदयविकार असेल तर मात्र डॉक्टरांना विचारूनच ठरवा. बाकीच्यांनी इथं 'एक अख्खं, दोन पांढरी' मागावं. बलकातल्या चरबीमुळे ते चिवट होत नाही, आणि चवीला या गाडीवरचं सगळ्यात चांगलं ऑम्लेट तेच.