माझ्या नावावरचे १२,००० शोरूमने उचलले, कॉर्पोरेट डिस्काउंट असणाऱ्यांनी नक्की वाचा

एमआयडीसीत कामाला असणाऱ्यांनी आणि गाडी बुक करायच्या बेतात असणाऱ्यांनी पाच मिनिटं काढून हे वाचा. मी वाळूजला एका कंपनीत क्वालिटीला आहे. आमच्याकडे गाड्यांचे प्रेस पार्ट बनतात आणि आम्ही जी गाडी घेतली त्या गाडीच्या कंपनीचे आम्ही व्हेंडर आहोत, म्हणजे त्यांना पार्ट पुरवतो. व्हेंडरच्या माणसांना नवीन गाडीवर वेगळा डिस्काउंट, म्हणजे कॉर्पोरेट डिस्काउंट, मिळतो हे प्लांटमध्ये चहाच्या टेबलावर सगळेच बोलतात, पण तो किती, देतं कोण, मिळतो कसा हे कुणी नीट विचारलेलं नसतं. मीपण विचारलं नव्हतं.

गोष्ट २०२५ च्या मार्चची. पाडवा ३० तारखेला होता, रविवारी, आणि सासूबाईंची इच्छा होती की गाडी पाडव्यालाच दारात यावी. शोरूमला गेलो तर सेल्सचा मुलगा बोलायला एकदम चांगला, ताई ताई करत सगळं दाखवलं, आणि बोलता बोलता विचारलं की कुठं कामाला आहात. मी कंपनीचं नाव सांगितलं तर म्हणाला आयडी कार्ड द्या, सिस्टीमला चेक करतो, आणि कार्डाचा दोन्ही बाजूंनी मोबाईलवर फोटो काढून आत गेला. दहा मिनिटांनी बाहेर येऊन म्हणतो, "ताई, तुमची कंपनी लिस्टला दाखवत नाहीये, पण काळजी करू नका, मी मॅनेजर साहेबांशी बोललोय, माझ्याकडून १५,००० करून देतो." आम्हाला वाटलं पोरगं आपल्यासाठी भांडून आलं. कोटेशनवर एकच ओळ होती, टोटल डिस्काउंट १५,०००. गाडीची एक्स शोरूम किंमत ९ लाख ४० हजार.

दोन दिवसांनी त्याचा व्हॉट्सॲप आला, ताई एचआरचं लेटर आणि सॅलरी स्लिप पाठवा, लोनच्या फाईलला लागतंय. सॅलरी स्लिप तर बँकेने आमच्याकडून आधीच घेतली होती आणि एचआरचं लेटर बँकेने मागितलंच नव्हतं, तिथं माझ्या डोक्यात यायला पाहिजे होतं की मग हे लेटर नेमकं कुणाला पाहिजे. पण मार्च एन्डची कामं, घरी पाहुणे, मी एचआरकडून लेटर घेतलं आणि पाठवून दिलं.

पाडव्याच्या दिवशी शोरूमला ही गर्दी. मुलगा आधीच गाडीत जाऊन बसलेला, हे नारळ घेऊन उभे, आणि माझ्यासमोर फाईल, जिथं जिथं सही करायची तिथं पेन्सिलने फुली मारून ठेवलेली. बारा तेरा सह्या असतील. त्यातला एक कागद इंग्लिशमध्ये होता, वर कस्टमर डिक्लरेशन लिहिलेलं आणि मधे रकमेची चौकट रिकामी. मी विचारलं हे काय आहे, तर म्हणाला ताई कंपनीचं फॉरमॅट असतं, मागून भरतात. मी सही केली.

जूनमध्ये दुपारी फोन आला, गाडीच्या कंपनीच्या कॉल सेंटरमधून. मॅडम, आपण अमुक मॉडेल घेतलंत, आपल्याला कॉर्पोरेट ऑफरचे १२,००० रुपये मिळाले का, हे कन्फर्म करायला फोन केलाय. मी म्हणलं मला कॉर्पोरेट मिळालाच नाही, माझी कंपनी लिस्टला नाही असं शोरूमने सांगितलं. ती मुलगी थोडं थांबली आणि म्हणाली, मॅडम, तुमची कंपनी लिस्टला आहे आणि तुमच्या नावाने क्लेम पास झालेला आहे. माझे हातपाय गार पडले. मेलवर कागद मागितले तर माझंच आयडी कार्ड, माझंच एचआरचं लेटर आणि ते डिक्लरेशन, खाली माझी काळ्या पेनाची सही आणि चौकटीत निळ्या पेनाने लिहिलेले १२,०००. मला रक्कम मिळाली असं मीच लिहून दिल्यासारखं.

मग आमच्या परचेसच्या साहेबांनी मला समोर बसवून हा सगळा प्रकार समजावला. गाडीच्या कंपनीकडे कंपन्यांची यादी असते, त्यात मोठ्या आयटी कंपन्या, बँका, सरकारी खाती, व्हेंडर असे गट असतात आणि गटाप्रमाणे रक्कम कमीजास्त असते. दर महिन्याला कंपनी डीलरला सर्क्युलर पाठवते, कुठल्या मॉडेलला सगळ्यांसाठी किती, कॉर्पोरेटला किती, एक्स्चेंजला म्हणजे जुनी गाडी देऊन नवी घेणाऱ्याला किती. डीलरने तो डिस्काउंट तुम्हाला बिलात द्यायचा, मग तुमचं आयडी, लेटर आणि बिलाची कॉपी जोडून कंपनीकडे क्लेम टाकायचा आणि कंपनी तेवढे पैसे त्याच्या खात्यात क्रेडिट करते. म्हणजे डीलरच्या खिशातनं एक रुपया जात नाही. "माझ्याकडून करून देतो" हे म्हणणंच खोटं होतं, कारण माझे ते १५,००० त्या महिन्यात त्या मॉडेलवर येईल त्या प्रत्येकाला मिळत होते. माझे कॉर्पोरेटचे १२,००० त्याच्या वर मिळायला पाहिजे होते. आणि अजून एक, ऑफर बहुतेक वेळा बिलाच्या तारखेवर ठरते, बुकिंगच्या नाही, त्यामुळे बिल पुढच्या महिन्यात ढकललं गेलं तर ऑफर बदलू शकते, हे बुकिंगचे पैसे देण्याआधीच विचारायचं.

मी शोरूमला गेले. सेल्सचा मुलगा नोकरी सोडून गेलेला. मॅनेजर म्हणाले मॅडम ती अमाउंट ॲक्सेसरीजमध्ये ॲडजस्ट केलीय. मी पर्समधनं ॲक्सेसरीजची पावती काढून टेबलावर ठेवली, मॅट, सीट कव्हर, मड फ्लॅप सगळं धरून १८,५००, पूर्ण पैसे यूपीआयने दिलेले. मग म्हणाले तीन सर्व्हिसिंगची लेबर फ्री करतो. मी नाही म्हणलं. मला माझे पैसे पाहिजेत आणि माझ्या गाडीचं लेजर पाहिजे, म्हणजे आम्ही कधी किती भरले आणि तुम्ही ते कुठं कुठं धरले त्याचा उतारा. लेजरचं नाव काढल्यावर त्यांचा बोलायचा सूर बदलला. हे लेजर तुम्हालापण मागता येतं, शोरूमच्या अकाउंटला लेखी मागा.

फाईल उलगडली तसं बाकीचंपण दिसायला लागलं. हँडलिंग चार्ज ६,५०० लावलेले. गाडी शोरूमपर्यंत आणणं हे डीलरचं काम आहे, आरटीओचा असा कुठला चार्ज नसतो. इन्शुरन्स शोरूमचा ४६,००० ला घेतला, तेव्हा सेल्सच्या मुलाने सांगितलेलं की बाहेरून घेतला तर डिस्काउंट कॅन्सल होईल. माझ्या जावेच्या भावाने त्याच कव्हरचा रेट बाहेर काढला तर ३३,००० च्या आसपास. नवीन कारला तीन वर्षांचा थर्ड पार्टी विमा, म्हणजे दुसऱ्याच्या नुकसानीचा, सक्तीचा आहे, २०१८ च्या सप्टेंबरपासून, आणि त्याचा दर सरकारने ठरवलेला असतो, सगळीकडे सारखाच. फरक पडतो तो गाडीच्या स्वतःच्या नुकसानीच्या कव्हरमध्ये आणि वरच्या ॲडऑनमध्ये. विमा कुणाकडून घ्यायचा हे ठरवायचा हक्क गिऱ्हाइकाचा आहे, डीलर जबरदस्ती करू शकत नाही, हे विमा कंपन्यांवर लक्ष ठेवणाऱ्या इर्डाच्या २०१७ च्या नियमातच आहे. हे मला मार्चमध्ये माहीत असतं तर!

मी गाडीच्या कंपनीला कोटेशन, टॅक्स इन्व्हॉइस, सगळ्या पावत्या आणि त्या मुलाचे व्हॉट्सॲप मेसेज जोडून मेल केला आणि राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला १९१५ वर तक्रार नोंदवली, नंबर मिळतो तो जपून ठेवा. शोरूमला लेखी कळवलं की नाही झालं तर जिल्हा ग्राहक आयोगात जाणार. लोकांना वाटतं तिथं वकील आणि हजारो रुपये लागतात, तसं नाही, आपण स्वतः तक्रार करू शकतो, आणि फी वस्तूच्या दिलेल्या किमतीवर असते, ५ लाखापर्यंत काहीच नाही आणि ५ ते १० लाखाला २०० रुपये. म्हणजे माझ्या गाडीला २०० रुपयेच. २४ दिवसांनी माझ्या खात्यात १२,००० आले. हँडलिंगचे ६,५०० अजून दिले नाहीत, त्याचं पत्र वेगळं चालू आहे.

तर आयडी आणि एचआर लेटरला साधा झेरॉक्सचा कागद समजू नका, तो कागद हातात आला की डीलरला पैसे मिळतात. लेटरवर डीलरचं नाव, मॉडेल आणि "कॉर्पोरेट ऑफरसाठी" असं लिहूनच द्या. कोटेशनवर एक टोटल नको, सर्वांसाठीची ऑफर वेगळी, कॉर्पोरेट वेगळी, एक्स्चेंज वेगळी अशा ओळी लिहून घ्या, शिक्का घ्या. लिस्टला नाव आहे का हे सेल्समनला नाही, गाडीच्या कंपनीच्या कस्टमर केअरला मॉडेल आणि शहर सांगून विचारा. रिकाम्या चौकटीखाली सही करायची नाही, मुहूर्त टळला तरी चालेल, आणि सही केलेल्या प्रत्येक कागदाचा तिथंच उभं राहून फोटो काढा.

हे सगळं मी प्लांटमध्ये सांगितलं तेव्हा दुसऱ्या दिवशी पाच जण आपापल्या फाईली घेऊन आले, वेगवेगळ्या शोरूमच्या. तिघांच्या कोटेशनवर तीच एक ओळ, टोटल डिस्काउंट. प्रेस शॉपमधल्या एका काकांनी तर मुलीच्या लग्नाआधी गाडी घेतली होती, त्यांच्या मोबाईलमध्ये तसाच मेसेज निघाला, काका एचआरचं लेटर पाठवा, लोनला लागतंय. काकांनी गाडी रोखीने घेतलेली, लोन नव्हतंच. त्यांचा मेल मी काल रात्री बसून लिहून दिला.