ड्रीम मशीन: डोळे मिटून बघायचा दिवा

ड्रीम मशीन म्हणजे फिरत्या खाचांमधून लपलपणारा प्रकाश मिटल्या डोळ्यांवर पाडणारं यंत्र. त्याचा कापलेला पुठ्ठा मागवण्याआधी आपलं टर्नटेबल (रेकॉर्ड वाजवायची फिरती तबकडी) कोणत्या वेगाने फिरतं ते बघा. पुठ्ठ्याचा रंग, छपाई, किंमत सगळं त्यानंतर. लोकांना 'काहीच दिसत नाही' त्याचं कारण बहुतेक वेळा इथेच असतं.

यंत्र अगदी साधं आहे. खाचा पाडलेलं नळकांडं टर्नटेबलवर फिरतं, आत दिवा टांगलेला असतो आणि आपण डोळे मिटून त्याच्यासमोर बसतो. ब्रायन गायसिन हा चित्रकार १९५८ च्या डिसेंबरमध्ये मार्सेलला जाणाऱ्या बसमध्ये होता. रस्त्याकडेच्या झाडांच्या रांगेतून मिटल्या पापण्यांवर ऊन-सावली लपलपली आणि त्याला रंगांचा पूर दिसला. केंब्रिजमध्ये गणित शिकणाऱ्या इयन सोमरव्हिलने तीच लपलप पुठ्ठ्यातून साधली. नावात 'ड्रीम' असलं तरी हे झोपेतलं स्वप्न नव्हे. माणूस पूर्ण जागा असतो; जाळ्या, भोवरे, बोगदे मेंदूचा दृष्टीचा भाग स्वतःच रचतो. तेही विलक्षणच आहे.

प्रकाश सेकंदाला ८ ते १३ वेळा लपलपायला हवा. साधारण १० उत्तम. मूळ आराखडा मिनिटाला ७८ फेऱ्यांचा, म्हणजे सेकंदाला १.३ फेऱ्या, तिथे एका रांगेत ८ खाचा पुरतात (१०.४). आजच्या टर्नटेबलांवर बहुधा ३३⅓ आणि ४५ एवढेच वेग असतात. ४५ वर १४ खाचा हव्यात (१०.५), ३३⅓ वर १८ (१०). आठ खाचांचा पुठ्ठा ४५ वर ठेवला तर सेकंदाला फक्त ६ झपके मिळतात. उलट चूक जास्त वाईट: १४ खाचांचा पुठ्ठा ७८ वर फिरला की झपके १८ वर जातात, आणि प्रकाशाने फिट येण्याचा धोका साधारण १५ ते २५ याच पट्ट्यात सर्वाधिक असतो. विकणाऱ्याने पुठ्ठ्यावर वेग छापला नसेल तर तो घेऊच नका.

अमेरिकेतून आणलेल्या जुन्या टर्नटेबलची आणखी एक भानगड. ट्रान्सफॉर्मर व्होल्ट उतरवतो, हर्ट्झ (विजेची सेकंदाला होणारी आवर्तनं) बदलत नाही. ६० हर्ट्झची एसी मोटर आपल्या ५० हर्ट्झवर ७८ ऐवजी ६५ फेऱ्या देते. तिथे ८ ऐवजी ९ खाचा पाडा.

खरं सांगायचं तर तयार संच घ्यायची गरज नाही. ५६ × ७६ सेंटिमीटरचा, एका बाजूने काळा असा ३०० जीएसएम (चौरस मीटरला ३०० ग्रॅम) जाडीचा कार्डशीट घ्या. काळी बाजू बाहेर. जोडाला २ सेंटिमीटर सोडले की घेर ७४ आणि व्यास साडेतेवीस येतो. ४५ च्या वेगासाठी दर ५.३ सेंटिमीटरला एक खाच, रुंदी २.६. वर-खाली ८-८ सेंटिमीटर कोरे ठेवा, नाहीतर नळकांडं मधेच पिचकतं. जोडाजवळचं अंतर चुकलं तर प्रत्येक फेरीत एक ठेच लागते आणि आकार जमता जमता विस्कटतात. नळकांडं थेट तबकडीवर न ठेवता एखाद्या खराब एलपी रेकॉर्डवर मधोमध चिकटवा, डुगडुगत नाही.

दिवा वरून वायरने टांगायचा, नळकांड्याच्या मध्यावर. जुन्या आराखड्यांत तारेचा बल्ब असतो, पण पुठ्ठ्यात तो फार तापतो. ९ वॉटचा पिवळसर एलईडी पुरे. पापणीतून मुख्यतः लालसर प्रकाशच आत जातो, त्यामुळे पांढऱ्याशुभ्र दिव्याचा फायदा नाही. स्वस्त एलईडी मात्र स्वतःच सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. मोबाइलच्या स्लो-मोशनमध्ये पट्टे दिसले तर तो बाद. खोलीत पूर्ण अंधार हवा. नळकांड्याचं वरचं तोंड उघडं राहिलं की छतावरून प्रकाश परततो आणि झपके फिके पडतात. त्यावर काळ्या कागदाची सैल टोपी घाला, पण ती वायरला टांगून, फिरणाऱ्या भागाला न टेकवता.

चेहरा १० ते १५ सेंटिमीटरवर. आधी नुसती लाल फडफड दिसते, मग रंग येतात. पहिल्या बैठकीला १० मिनिटं पुष्कळ झाली. मोबाइलचं झपक्यांचं ॲप याच्या जवळपासही येत नाही: पडदा लहान, प्रकाश तोकडा.

घरात कुणाला फिट येत असेल, पूर्वी कधी आली असेल, तर हे यंत्र त्या माणसासमोर लावू नका. लहान आणि किशोरवयीन मुलांनाही बसवू नका. १० झपके म्हणजे धोका शून्य असं नाही: १६ डिसेंबर १९९७ ला जपानमध्ये एका कार्टूनमधल्या लाल-निळ्या झपक्यांनी, तेही सेकंदाला सुमारे १२ वेळा होणाऱ्या, ६८५ जणांना रुग्णालयात न्यावं लागलं. शेजारी कुणीतरी जागं, डोळे उघडे ठेवून बसलेलं असावं, आणि दिव्याचं बटण त्याच्या हाताशी. अस्वस्थ वाटलं तर डोळे मिटून उपयोग नाही, ते मिटलेलेच असतात. एक डोळा तळहाताने घट्ट झाकायचा आणि मान वळवायची.