रोल दिला आणि दागिने घेऊन गेला, ठाण्यातला माझा अनुभव

ठाणे, नवी मुंबईत राहणाऱ्या ज्या मुली शॉर्टफिल्म, इंडी फिल्म, प्रायोगिक नाटक करतात आणि सोबत घरून काहीतरी विकतात किंवा भाड्याने देतात, मग ते दागिने असोत, नऊवारी असो नाहीतर मेकअपचं किट, त्यांनी प्लीज हे शेवटपर्यंत वाचा. मला फसवणारा माणूस बरोब्बर अशाच मुली शोधत होता, आणि हे मला सगळं गेल्यावर कळलं.

मी नौपाड्यात आईसोबत राहते. दहा वर्षं झाली अभिनय करतेय, सगळं छोट्या फिल्म्समध्ये. ज्यांना माहीत नाही त्यांना सांगते, इंडी फिल्म म्हणजे पैसे संपले की शूट थांबतं, पैसे आले की परत सुरू होतं, मग एखाद्या फेस्टिव्हलला फिल्म लागते, लोक येऊन हात हातात घेऊन बोलतात, डोळे भरून येतात आपले, आणि घरी आलं की लाइटबिल तिथेच असतं. मानधन म्हणजे बऱ्याचदा प्रवासखर्च आणि जेवण. म्हणून सहा वर्षांपूर्वी दागिने सुरू केले. आजीची जुनी चिंचपेटी होती घरात, खऱ्या मोत्यांची, ती बघून बघूनच मला हे वेड लागलं. चांदीत काम करून घेते, ९२.५ टक्केवाली चांदी आणि वर सोन्याचं पॉलिश, ठुशी, तन्मणी, वज्रटीक, बुगड्या, वाकी, पुतळ्यांचा हार. साचे आणि जडाव झवेरी बाजारातल्या कारागिराकडे, पण मोती मी स्वतः गाठवते, आणि माझ्या प्रत्येक गळ्यातल्याला मागे गोंडा जांभळ्या रेशमाचा असतो. ही गोंड्याची गोष्ट लक्षात ठेवा, पुढे येणार आहे.

नोव्हेंबरमध्ये, तुळशीची लग्नं होऊन लग्नसराई सुरू झाली तेव्हा इन्स्टाग्रामवर एकाने मोत्याच्या कुड्या मागवल्या. २,४०० रुपये, लगेच पाठवले, पार्सल मिळाल्यावर छान मेसेजपण केला. चार दिवसांनी परत मेसेज, ताई, तुम्हीच का त्या फिल्ममधल्या? मी पुण्याच्या फेस्टिव्हलला बघितलेली, तुम्ही लसूण सोलत बसलेल्या असता आणि एक शब्द बोलत नाही तो सीन अजून डोक्यातून जात नाही. खरं सांगते, त्या सीनबद्दल आजपर्यंत माझ्याशी फार तर पाच-सहा लोक बोलले असतील. मी त्या सीनसाठी काय काय केलं होतं ते मलाच माहीत. त्यामुळे तो माणूस मला लगेच आपला वाटला.

तो म्हणाला मी लाइन प्रोड्युसर आहे, म्हणजे शूटिंगचा रोजचा कारभार आणि खर्च बघणारा, एक पिरियड वेब सिरीज येतेय, १८८० च्या सुमाराचं पुणं, वाडा, आणि त्यात विधवा आत्याचा रोल आहे, तुमच्याशिवाय कोणी दिसत नाही. एका खऱ्या प्रॉडक्शन कंपनीच्या नावाचं लेटरहेड पाठवलं. कंपनीचं नाव मी लिहीत नाही कारण त्यांची यात काही चूक नाही, त्यांनाही माहीत नव्हतं. मी लेटरहेडवरच्या नंबरला फोन करून खात्री केली, एका बाईने उचलला, अगदी ऑफिससारखं बोलली. आता कळतं की कागद त्याचा, नंबर त्याचा, मग मी खात्री कुणाची केली? नंबर आपण स्वतः बाहेरून शोधायचा असतो, त्यांनी दिलेल्या कागदावरचा कधीच नाही.

राम मारुती रोडवर भेटलो. पस्तीस-छत्तीसचा असेल, मराठी स्वच्छ, नाटकांबद्दल बोलत होता, माझ्या आईची तब्येत विचारली. मग घोडबंदर रोडला एका शूटिंगच्या बंगल्यात लुक टेस्ट झाली. त्या भागात सिरियलचे सेट, बंगले भरपूर आहेत, तासावर भाड्याने मिळतात, त्यामुळे जागेत संशय घ्यावा असं काहीच नव्हतं. मेकअप दादा होते, लाइट होते, विधवेचं लाल आलवण नेसवून माझे फोटो काढले. माझ्यासारख्या अजून दोघी होत्या. जाताना प्रवासाचे म्हणून २,००० रुपये त्याने तिथल्या तिथे यूपीआय केले.

हे मुद्दाम सांगतेय. आपल्याला एवढंच शिकवलेलं असतं की काम देतो म्हणून जो पैसे मागतो तो फ्रॉड. रजिस्ट्रेशनचे, पोर्टफोलिओचे, कलाकाराचं कार्ड काढून देतो त्याचे. ते खरंच आहे, रोल द्यायला कोणी पैसे मागितले तर उठून निघून यायचं. पण ह्या माणसाने माझ्याकडून एक रुपया मागितला नाही, उलट दिले. सुरुवातीपासून शेवटपर्यंत पैशांचा ओघ माझ्याकडेच होता, म्हणून माझ्या डोक्यातली घंटा वाजलीच नाही.

माझ्या दागिन्यांचा विषय त्याने काढलाच नाही, मी काढला! लुक टेस्टच्या वेळी बोलता बोलता तो म्हणाला की नवरीच्या सीनला दागिने बाजारातले नकोत, सगळं मशीनचं दिसतं, कॅमेऱ्यात कळतं. आणि मी म्हणाले, माझ्याकडे आहेत. माझ्या रोलला तर अंगावर एक मणी नव्हता, पण नवरीच्या अंगावर माझे दागिने असतील ह्याचा मला केवढा आनंद झाला होता. मग त्याने लिस्ट मागितली, फोटो मागितले, आणि घरात भिंतीवर आजीचा फोटो आहे त्याचाही फोटो मीच पाठवला, त्यात तिच्या गळ्यात ती चिंचपेटी आहे. तो म्हणाला, ताई हीच पाहिजे, हीच त्या काळातली आहे.

शूटिंगला दागिने देण्याची पद्धत मला माहीत आहे, आधी दोनदा दिलेत. चलान करायचं, म्हणजे काय काय दिलं त्याची सहीची पावती, प्रत्येक नगाचा फोटो आणि वजन लिहायचं, डिपॉझिट खात्यात जमा झाल्याशिवाय डबा हलवायचा नाही. आणि एक अडचण असते ती म्हणजे कंटिन्युइटी, म्हणजे एका सीनमध्ये जो दागिना घातला तो त्या सीनचं सगळं शूट होईपर्यंत बदलता येत नाही, त्यामुळे प्रॉडक्शन वाले वस्तू अडकवून ठेवतात. हे खरं आहे आणि त्याला ते माहीत होतं, त्याने स्वतःच सांगितलं की बारा-पंधरा दिवस लागतील. म्हणजे बारा-पंधरा दिवस मी विचारणारच नाही ह्याची सोय त्याने आधीच करून ठेवली. चौदा नग, माझ्या हिशोबाने १,७२,००० चे, चिंचपेटी धरून नाही कारण तिची किंमत मी कधी केलीच नव्हती. डिपॉझिट ८५,००० ठरलं.

डिसेंबरमधला दुसरा शनिवार. संध्याकाळी साडेसातला खाली गाडी उभी, वर एक मुलगी आली, कॉश्च्युम असिस्टंट म्हणून, गळ्यात मोजपट्टी, हातात वही, प्रत्येक नग मोजून घेतला, चलानवर सही केली. त्याचा फोन, ताई डिपॉझिटचं एनईएफटी केलंय बघा, म्हणजे बँकेतून खात्यात ट्रान्सफर, स्क्रीनशॉट पाठवला, आज दुसरा शनिवार आहे ना बँका बंद, सोमवारी सकाळी पडेल, आणि उद्या सहाचा कॉल टाइम आहे, तुमचाच सीन पहिला आहे.

आई स्वयंपाकघरातून म्हणाली, अगं पैसे आले का ते बघ आधी. मी म्हटलं आई तू थांब जरा. कारण ती मुलगी समोर उभी होती आणि मला वाटलं की आता मी पैशांवरून अडून बसले तर उद्याचा सीन जाईल, दहा वर्षांनी नीट काहीतरी मिळतंय आणि मी दुकानदारासारखी वागतेय असं त्यांना वाटेल. इथेच सगळं झालं. समोर नुसतं गिऱ्हाईक असतं तर मी डबा दिलाच नसता, कितीही ओळखीचं असो. त्याला हे नक्की माहीत होतं, आधी रोल द्यायचा आणि मग दागिने मागायचे, म्हणजे ही बाई भाव करणार नाही, प्रश्न विचारणार नाही.

आता एनईएफटीचं सांगते, कारण हे मला तेव्हा माहीत असतं तर तिथेच कळलं असतं. एनईएफटी २०१९ च्या डिसेंबरपासून चोवीस तास, सातही दिवस चालतं, दर अर्ध्या तासाने बॅच जाते. दुसरा शनिवार, रविवार, दिवाळी, काही फरक पडत नाही. बँक बंद आहे म्हणून सोमवारी पडेल हे वाक्यच खोटं आहे. दुसरं म्हणजे एनईएफटीचा जो यूटीआर नंबर, म्हणजे त्या व्यवहाराचा ओळखनंबर, असतो तो १६ अक्षर-आकड्यांचा असतो, त्या स्क्रीनशॉटवर नुसता १२ आकडी नंबर होता, तसा यूपीआय आणि आयएमपीएसचा, म्हणजे लगेच पोचणाऱ्या ट्रान्सफरचा, असतो. म्हणजे दुसरीच कुठलीतरी पावती घेऊन वर एनईएफटी लिहिलेलं. हे मला सोमवारी दुपारी बँकेतल्या मॅडमनी दाखवलं, त्यांना दोन सेकंद लागले. स्क्रीनशॉट म्हणजे फक्त चित्र आहे, आपल्या बँकेच्या ॲपमध्ये बॅलन्स वाढला तरच पैसे आले, एवढंच धरून चाला.

रविवारी पहाटे साडेचारला उठून मी तयार होऊन बसले होते. गाडी आली नाही. सहाला फोन लावला, बंद. तरी दहा वाजेपर्यंत मी कपडे बदलले नाहीत, वाटत होतं लोकेशनला रेंज नसेल. दुपारी खऱ्या कंपनीचा नंबर शोधून मेल केला, फोन केला, सोमवारी तिथल्या माणसाने सांगितलं अशी कुठलीही सिरीज आमच्याकडे नाही. आईने मला एका शब्दाने बोल लावला नाही. तिने देवासमोर दिवा लावला आणि भिंतीवरचा आजीचा फोटो पुसला, बस.

पोलीस स्टेशनला पहिल्या दिवशी मला सांगितलं की तुम्ही स्वतःच्या हाताने वस्तू दिलीय, चलान आहे, हा पैशांच्या देण्याघेण्याचा सिव्हिल वाद आहे. मी रडत घरी आले. पण हे तसं नाहीये, सुरुवातीपासूनच फसवायच्या हेतूने खोटं सांगून वस्तू काढून घेतली तर ती फसवणूक, जुनं ४२० म्हणायचो ते, जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत कलम ३१८(४). वकील मैत्रिणीसोबत परत गेले, लेखी अर्ज, चॅटच्या प्रिंट, चलान, नगांचे फोटो, बनावट स्क्रीनशॉट, सगळं तारखेप्रमाणे लावून, तेव्हा घेतलं. अर्जाच्या कॉपीवर शिक्का घेतल्याशिवाय हलू नका. १९३० वर, म्हणजे सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनवर पण फोन केला होता. तो नंबर सगळ्यांनी सेव्ह करून ठेवा, पैसे गेले असतील तर लगेच तिथे फोन करायचा, पुढच्या खात्यातून ते काढून घ्यायच्या आत अडवता येतात. पण माझे पैसे गेलेच नव्हते, वस्तू गेली होती, आणि वस्तूला अडवणारं असं काही नाही.

आणि त्या लुक टेस्टच्या दोघी. त्यातल्या एकीला मी शोधून काढलं, ती कोपरखैरण्याची, नऊवारी आणि पैठण्या भाड्याने देते, तिच्या अकरा साड्या गेल्या. दुसरी मेकअप करते, तिचं अख्खं किट गेलं. तिघी अभिनय करणाऱ्या, तिघींचा जोडधंदा, तिघींना वेगवेगळा रोल सांगितलेला. त्या दिवशी बंगल्यात आम्ही एकमेकींशी नीट बोललो असतो तर कदाचित कळलं असतं, पण तुम्हाला माहितीय, टेस्टला आलेल्या मुली एकमेकींना रोल सांगत नाहीत.

फेब्रुवारीत साडीवालीने मला एक फोटो पाठवला. वाशीतल्या कुणाच्या तरी लग्नातला, नवरीच्या गळ्यात तन्मणी, पाठीवर केसांच्या बाजूला जांभळा गोंडा. मी झूम करून बघितलं, गाठ माझी होती. गोंडा बांधताना मी शेवटी दोनदा उलट फिरवते, ती सवय माझ्या आजीची. नवरीने तो एका भाड्याने दागिने देणाऱ्या बाईंकडून घेतला होता, आणि त्या बाईंनी एका माणसाकडून रोखीने विकत घेतला होता, बिल नाही. बाईंनाही बिचाऱ्यांना काही माहीत नव्हतं. पोलिसांनी तिथून सहा नग जप्त केले. सहा नग बघितले मी, हात लावू दिला नाही, कारण ते आता मुद्देमाल, म्हणजे केसमधला पुरावा आहेत, परत मिळायला कोर्टात अर्ज करावा लागतो, तो केलाय. बाकीचे नव्याने घडवायला घेतले तर चांदी कुठल्या कुठे गेलीय, २०२५ मध्येच किलोला लाखाच्या वर गेली, त्या किमतीत मला आता ते होणार नाहीत. माणूस अजून सापडलेला नाही.

त्या सहामध्ये चिंचपेटी नव्हती. म्हणून तिचं वर्णन देते. सात पेट्या आहेत, मोती बारीक, पांढरे नाहीत, जुने झाल्यामुळे थोडे पिवळसर. मधल्या पेटीत लाल खडा आहे, डावीकडून दुसऱ्या पेटीतला एक मोती बाकीच्यांपेक्षा मोठा आणि जास्त पांढरा आहे, तो माझ्या आईच्या लग्नाच्या वेळी बदलून घेतलेला. गोंडा जांभळा नाही, जुना लाल आहे, विटलेला. प्रदर्शनात, भाड्याच्या दुकानात, कोणाच्या लग्नाच्या फोटोत, कुठेही दिसली तर समोरच्याला काही न बोलता आधी फोटो काढा आणि मला कळवा.