इलेक्ट्रिक ब्रश घेताय? स्टार नंतर बघा, आधी लाल गोळ्या आणा

आईसाठी इलेक्ट्रिक टूथब्रश घेतला त्याला आता चार महिने झाले म्हणून आज सविस्तर लिहितेय. आई 71 ची, बोटांना संधिवात, साधा ब्रश घट्ट धरून मागच्या दाढांपर्यंत न्यायचा म्हणजे तिला त्रासच, आणि दर वेळी डेंटिस्ट मॅडम म्हणायच्या की खालच्या दातांना आतून कीटण साठलंय, नीट घासत जा आजी. घासत होती हो ती, हातच वळत नव्हता तिचा.

हा आमचा दुसरा ब्रश. पहिला ऑनलाइन घेतला होता, 4.4 स्टार, हजारो रिव्ह्यू, बॉक्सवर मोठ्ठं आयपीएक्स 7 वॉटरप्रूफ लिहिलेलं, सात महिन्यांत बटणाच्या रबरातून पाणी आत गेलं आणि बंद. कंपनीचं नाव लिहीत नाही. बंद पडल्यावर मी ते सगळे रिव्ह्यू परत वाचत बसले, डिलिव्हरी वेळेत, कलर मस्त, व्हायब्रेशन स्ट्राँग, आजच आला छान वाटतोय. दात किती साफ होतात हे मी वाचलेल्यांपैकी एकानेही मोजलेलं नव्हतं, आणि मोजणार तरी कसं, दातावरचा प्लाक, म्हणजे जंतूंचा चिकट थर, पांढुरका असतो, नुसत्या डोळ्यांना धड दिसतच नाही. त्यात आमच्या बॉक्समध्ये एक कार्ड पण होतं, 5 स्टार द्या, स्क्रीनशॉट पाठवा, दोन ब्रशहेड फुकट मिळवा. ऑनलाइन रिव्ह्यू कसे गोळा करायचे आणि कसे तपासायचे यासाठी बीआयएसने, म्हणजे भारतीय मानक ब्युरोने, 2022 मध्ये आयएस 19000 नावाचं स्टँडर्ड काढलं खरं, पण काढलं तेव्हाच ते ऐच्छिक ठेवलं, त्यामुळे अशी कार्डं बॉक्समधून येतच राहतात.

आणि ते आयपीएक्स 7 म्हणजे काय तर वस्तू 1 मीटर साध्या पाण्यात 30 मिनिटं ठेवायची आणि आत पाणी जातंय का बघायचं. एवढंच. रोज दोनदा पेस्टचा फेस, त्यात बटण दाबून दाबून सैल झालेलं रबर, हे त्या टेस्टमध्ये येत नाही. टेस्ट खोटी नाहीये पण ती नव्या कोऱ्या ब्रशची आहे, वर्षभर वापरलेल्या ब्रशची नाही.

मग खरी टेस्ट कशी करतात? ही पद्धत मला फार आवडली. माणसांना 12 तास किंवा त्याहून जास्त वेळ दात घासू देत नाहीत, मग दातांना रंग लावतात, जिथे प्लाक तिथे रंग धरतो, आणि मग एकेका दाताला मार्क. एक पद्धत आहे क्विग्ली आणि हाइन यांची 1962 ची, तुरेस्कीने ती 1970 मध्ये सुधारली, 0 ते 5 मार्क. 0 म्हणजे दात स्वच्छ, 1 म्हणजे हिरडीच्या कडेला तुटक ठिपके, 2 म्हणजे 1 मिलिमीटरपर्यंत सलग रेघ, असं करत 5 म्हणजे दाताचा दोन तृतीयांश किंवा जास्त भाग रंगलेला. मग दोन मिनिटं ब्रश, परत रंग, परत मार्क, आणि मार्क देणाऱ्याला कुणी कुठला ब्रश वापरलाय ते सांगायचं नाही. हिरड्यांसाठी वेगळी मोजणी असते, सूज, लाली, हात लावल्यावर रक्त येतं का, आणि हिरड्यांतला फरक एका ब्रशिंगमध्ये दिसत नाही, त्याला कित्येक आठवडे लागतात. त्यामुळे कुठल्याही जाहिरातीत 'इतके पट जास्त प्लाक काढतो' लिहिलं असेल तर पहिला प्रश्न हाच, कशाच्या तुलनेत आणि किती दिवसांनी? बहुतेक वेळा बारीक अक्षरात साधा ब्रश असं लिहिलेलं असतं, दुसरा इलेक्ट्रिक ब्रश नाही.

वैद्यकीय अभ्यास एकत्र करून तपासणाऱ्या कॉक्रेन या संस्थेचा 2014 चा आढावा आहे, त्यात 56 अभ्यास आणि 5068 माणसं. साध्या ब्रशच्या तुलनेत इलेक्ट्रिकने प्लाक 1 ते 3 महिन्यांत 11 टक्के कमी आणि 3 महिन्यांनंतर 21 टक्के कमी, हिरड्यांची सूज 6 आणि 11 टक्के. म्हणजे फायदा आहे, पण चमत्कार नाही. आणि त्याच आढाव्यात त्यांनी हेही लिहिलंय की 56 पैकी फक्त 5 अभ्यास पक्षपाताचा, म्हणजे निकाल एका बाजूला झुकण्याचा, धोका कमी असलेले होते, 46 बद्दल नीट ठरवताच आलं नाही. हे वाचल्यावर मला कॉक्रेनवाल्यांबद्दल आदरच वाटला.

डॉक्टरांची पसंती वगैरे लिहिलेलं असतं त्याचंही तसंच. ब्रिटनमध्ये 80 टक्क्यांहून जास्त डेंटिस्ट कोलगेट सुचवतात अशी जाहिरात होती, तिथल्या जाहिरात नियंत्रकांनी 2007 मध्ये ती बंद करायला लावली कारण सर्व्हेत डेंटिस्टना एकाहून जास्त ब्रँडची नावं सांगायची मुभा होती, वाचणाऱ्याला मात्र वाटणार की 80 टक्के लोकांनी एकच निवडला. अमेरिकन डेंटल असोसिएशनचा शिक्का असतो तो त्यापेक्षा नक्कीच बरा, पुरावा द्यावा लागतो, पण अर्ज कंपनीने स्वतः करायचा असतो, त्यामुळे शिक्का नाही म्हणजे ब्रश वाईट असं होत नाही. नणंद स्टुटगार्टला असते, ती काहीही घ्यायच्या आधी श्टिफ्टुंग वारेनटेस्ट बघते. वस्तू तपासणारी जर्मनीतली 1964 ची संस्था, दुकानातून गुपचूप गिऱ्हाईक बनून वस्तू विकत घेतात, आणि ब्रशमध्ये साफ किती होतं, वापरायला कसा, टिकतो किती याला वेगवेगळे मार्क देतात, तिथे 1 म्हणजे उत्तम आणि 5 म्हणजे नापास. आपल्याकडे ब्रशला असं कोणी केलेलं मला सापडलं नाही आणि याचं मला खरंच वाईट वाटतं.

म्हणून मग घरीच केलं. प्लाक दाखवणाऱ्या गोळ्या मिळतात, डिस्क्लोजिंग टॅबलेट म्हणून मागायच्या, आमच्या मेडिकलमध्ये नव्हत्या, मॅडमनी मागवून दिल्या. शनिवारी रात्री ब्रश नाही, रविवारी सकाळी चहाच्या आधी गोळी चघळायची, सगळीकडे जीभ फिरवायची, थुंकायचं, हलकी चूळ. आई आधी तयारच नव्हती, पारोशा तोंडाने हे काय गं म्हणाली, पण आरशात बघितल्यावर गप्प झाली, खालच्या दातांची आतली बाजू पूर्ण लाल. ओठांना आधी व्हॅसलीन लावा नाहीतर ओठ दिवसभर लाल, आणि जुना नॅपकिन घ्या, डाग जात नाही.

मग अर्धं तोंड साध्या ब्रशने आणि अर्धं इलेक्ट्रिकने, एकेक मिनिट, पुढच्या रविवारी बाजू बदलून, कारण उजव्या हाताने घासणाऱ्याची एक बाजू तशीही जास्त साफ होते. असे चार रविवार केले आणि टॉर्च लावून फोटो काढले. माझ्या तोंडात बाहेरच्या बाजूने काहीच फरक नाही, मागच्या दाढांना थोडा. आईच्या तोंडात मात्र फरक स्पष्ट, साध्या ब्रशच्या बाजूला आतून 3 आणि 4, इलेक्ट्रिकच्या बाजूला 1, कुठे कुठे 2. आणि एक गोष्ट कळली की पहिल्या रविवारी आम्ही दोघी इलेक्ट्रिक ब्रशनेच खसाखसा घासत होतो, तसं करायचंच नाही, एकेका दातावर धरायचा आणि हळू पुढे सरकवायचा.

आता ब्रशबद्दल. गोल डोक्याचा, डोकं थोडंसं फिरून परत येणारा, चार्जिंगचा, अडीच हजारांच्या आसपास पडला. दर 30 सेकंदांनी थबकतो म्हणजे पुढचा कोपरा घ्या, जास्त दाबलं की लाल दिवा लागतो, या दोनच गोष्टींचे पैसे द्यावेत असं माझं मत, ॲप आणि पाच मोडचे नाही, आई एकच मोड वापरते. हँडल जाड आहे म्हणून तिच्या बोटांना बरं. आवाज जरा जास्त आहे, पहाटे सगळ्यांना कळतं आजी उठल्या. चार्जिंग आठवडाभर जातं. ब्रशहेड तीन महिन्यांनी बदलायचं म्हणजे वर्षाला चार, घ्यायच्या आधी त्याची किंमत बघा आणि तुमच्या गावात मिळतं का ते पण बघा, आमच्या पहिल्या ब्रशचं हेड सहाव्या महिन्यातच कुठे मिळेनासं झालं होतं.

गेल्या महिन्यात मॅडमकडे जाऊन आलो, खालच्या दातांना आतून अजून थोडं कीटण आहे, ते ब्रशने निघणारं नाही, मशीननेच काढावं लागेल म्हणाल्या, पण हिरडीतून रक्त आलं नाही. चार गोळ्या शिल्लक आहेत, त्या मी लेकाच्या तारा बसवल्यावर वापरणार आहे.