एकत्रीकरणातली चूक: कलम ३२चा अर्ज की सलोखा?

सातबारा तुमच्या नावचा, पण त्या गटात वहिवाट शेजाऱ्याची. त्याच्या नावच्या गटात मात्र तुमचा ऊस उभा. एकत्रीकरणात, म्हणजे विखुरलेले तुकडे एकत्र करण्याच्या सरकारी योजनेत, सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले, तेव्हा ज्यांच्या नावांची अशी अदलाबदल झाली त्यांच्यासाठी हे लिहितोय. निस्तरायला मुख्यतः दोन वाटा आहेत. १९४७च्या तुकडेबंदी व एकत्रीकरण कायद्यातल्या कलम ३२खाली एकत्रीकरणाची योजना दुरुस्त करून मागायची, किंवा शासनाच्या सलोखा योजनेत शेजाऱ्याशी अदलाबदलीचा दस्त करायचा. आमच्या घरात दोन्हींचा विचार झाला आणि आम्ही सलोखा निवडली. पण आमचं प्रकरण सरळ होतं, तुमचं कदाचित नसेल.

दिवाणी दाव्यात इथे फार शिरत नाही. एकत्रीकरणाच्या कायद्याखाली जे प्रश्न अधिकाऱ्यांनी ठरवायचे, त्यात दिवाणी न्यायालयाला कलम ३६अची आडकाठी आहे. वकील भेटला की पहिल्यांदा हेच विचारा.

तत्त्व म्हणून पाहिलं तर कलम ३२ जास्त न्याय्य वाटतं. चूक योजनेत झाली, तर दुरुस्तीही योजनेतच व्हावी. क्षेत्र, हद्द, नकाशा सगळं मुळापासून सरळ होऊ शकतं. एकत्रीकरणाच्या वेळी नोंदवलेला जबाब, त्याच योजनेतले ९(३) आणि ९(४)चे उतारे, जुना सर्व्हे नंबरचा सातबारा आणि टिपण (जुन्या मोजणीचा कागद) तुमच्या बाजूने बोलत असतील, तर अर्जाला चांगलं बळ मिळतं. नुसती लिहिण्यातली किंवा बेरजेतली चूक असेल तर कलम ३१अ आहे, ते तुलनेने सोपं.

आमचं घोडं अडलं ते विलंबावर. कलम ३२ला कायद्यात मुदत लिहिलेली नाही, पण मुंबई उच्च न्यायालयाने २००१ साली म्हटलं की हा अधिकार वाजवी काळातच वापरायचा आणि तीन वर्षं हा वाजवी काळ. योजना तर कित्येक गावांत आपल्या वडील-आजोबांच्या काळात झालेली. मग जमिनीबद्दल कुणी एक शब्द ऐकण्याआधी तुम्ही सांगायचं की इतकी वर्षं गप्प का होता. आम्हाला तयार करून मिळालेल्या मसुद्यात वाक्य होतं, ‘सदर बाब अर्जदारास नुकतीच समजली.’ नुकतीच? या गटाचं पीक त्यांचं आणि त्या गटाचं आमचं, हे शाळेतल्या पोरालाही ठाऊक. समोरचा उत्तरात हेच लिहिणार आणि ते खरंच असणार. ज्याच्याशी बांधावर कधी तंटा झाला नाही, त्याच्यासमोर उभं राहून आम्हाला माहीतच नव्हतं म्हणायचं. त्या वाक्याखाली सही करायला थोरल्या भावाचा हात उठला नाही, माझाही नाही.

सलोख्यात नेमकं उलटं आहे. ३ जानेवारी २०२३च्या शासन निर्णयाप्रमाणे एकमेकांच्या जमिनीचा ताबा किमान बारा वर्षं असावा लागतो. म्हणजे जो काळ तिकडे गुन्ह्यासारखा मोजला जातो, तीच इथे पात्रता. तलाठी आणि मंडळ अधिकारी शेतावर येऊन पंचनामा करतात, लगतचे शेतकरी वहिवाट सांगून सह्या देतात. सगळ्यांनी आयुष्यभर पाहिलेलं तेच कागदावर येतं. आमच्या पंचनाम्याला शेजारचे आप्पा स्वतः पुढे होऊन हद्द दाखवत होते. अर्जाच्या वाटेने गेलो असतो तर तेच आप्पा आमचे जाबदार, म्हणजे विरुद्ध पक्ष, झाले असते.

खर्चाचं म्हणाल तर मुद्रांक शुल्क हजार रुपये, नोंदणी फी हजार रुपये. एरवी अदलाबदलीच्या दस्ताला खरेदीखतासारखं, जास्त किमतीच्या जमिनीवर मुद्रांक शुल्क पडतं. पुष्कळ जण इतकी वर्षं त्यापायीच थांबले असावेत. योजनेची मूळ मुदत दोन वर्षांची होती, पुढे ती वाढवली गेली. सध्या काय स्थिती आहे ते दुय्यम निबंधकांकडे आधी विचारा.

अडचणी इथेही आहेत. दोन्हीकडच्या सगळ्या सहधारकांची संमती लागते. लग्न होऊन लांब गेलेल्या आत्या, बहिणी, त्यांची मुलं, ज्यांची ज्यांची नावं सातबाऱ्यावर आहेत ती सगळी. दोन्ही क्षेत्रं सारखी नसली तरी योजनेला चालतं, पण घरातल्यांना ते चालेलच असं नाही. आमच्या नावावरचं क्षेत्र थोडं घटलं आणि आमच्याकडे सर्वात जास्त बोलणं त्यावरच झालं. शेवटी आईने विचारलं, जे कधी कसलंच नाही ते गेलं कसं म्हणायचं? शिवाय गटाचा नकाशा बदलत नाही, फक्त नावं बदलतात. विहिरीतला हिस्सा आणि जायची वाट दस्तात स्पष्ट लिहून घ्या. सातबाऱ्यावरच्या इतर हक्कात सोसायटीचा किंवा बँकेचा बोजा असेल, जमीन भोगवटादार वर्ग २ची (हस्तांतरावर सरकारी बंधन असलेली) असेल, तर दस्ताआधीच चौकशी करा.

ताबा एकतर्फी असेल, म्हणजे तुमची जमीन त्याच्याकडे पण त्याची तुमच्याकडे नाही, तर सलोखा लागूच होत नाही. भाऊबंदकीच्या वाटणीला किंवा बिगरशेती जमिनीलाही नाही. एकत्रीकरणाच्या योजनेत तुमचं क्षेत्रच कमी लागलं असेल, किंवा शेजारी सहीला तयारच नसेल, तर कलम ३२ शिवाय फारसं काही हातात उरत नाही. तेव्हा विलंबाचं खरं कारण कागदांनिशी मांडावं लागेल: मधल्या काळात कुणी हरकत घेतली होती का, तहसीलला अर्ज दिला होता का, मोजणी कधी झाली. हे कागद भूमि अभिलेख कार्यालयातून आणि तहसीलच्या अभिलेख कक्षातून आधी नकलांसाठी अर्ज करून काढा, मग वकिलाकडे जा.

मात्र ताबा खरोखर अदलाबदलीचा असेल आणि शेजाऱ्याशी अजून बोलणं चालू असेल, तर मी आधी त्याच्या ओट्यावर जाऊन बसेन. त्याच्या आणि आपल्या हयातीत सह्या झाल्या तर बऱ्या, वारस वाढले की संमती मिळवणं दरवेळी अवघड होत जातं.