सॅल्मनची चढण कुठं बघायची: सिएटल की ॲडम्स नदी?

पोरं सिएटलला असली की कोल्हापूरच्या आई-बाबांना 'सॅल्मन बघून या' असं कुणीतरी सांगतंच. पण कुठं? पंचगंगेकाठी पहिल्या पावसात चढणीचे मासे बघितलेल्यांना मूळ गोष्ट समजवायला नको. सॅल्मन मात्र समुद्रातून येतो, आणि अंडी घालायला वासाचा माग काढत बहुधा जन्माच्याच नदीत शिरतो.

सोपा पर्याय सिएटल शहरातलाच, बॅलर्ड लॉक्स. समुद्र आणि तळ्यांना जोडणाऱ्या कालव्यावरची, बोटी वर-खाली करणारी ही दारं 1917 पासूनची. आपल्या बंधाऱ्यांचे बरगे पावसाळ्यात काढले की नदी मोकळी होते. इथं तशी सोय नाही, म्हणून माशांसाठी 21 पायऱ्यांचा जिना बांधलाय. काचेतून मासे दिसतात, तिकीट नाही. जुलैत सॉकाय, ऑगस्टअखेरीस चिनूक, पुढं कोहो, या सगळ्या सॅल्मनच्याच जाती. गुडघे दुखणाऱ्यांना हेच बरं. पण मासा काचेपुढून जातो, अंडी घालताना दिसत नाही. शिवाय उन्हाळ्यात कालव्याचं पाणी तापतं आणि त्याचा माशांना त्रास होतो. या भागातला चिनूक 1999 पासून अमेरिकी कायद्यानं संकटग्रस्त ठरलेला आहे.

माझं मत मात्र कॅनडातल्या ॲडम्स नदीला. व्हँकुव्हरहून गाडीनं पाचेक तास. समुद्रात रुपेरी असणारा सॉकाय इथं पोचेपर्यंत लालभडक झालेला असतो, डोकं हिरवं, नराच्या पाठीला कुबड. गोड्या पाण्यात शिरल्यावर त्यानं खाणं सोडलेलं असतं. मादी शेपटीनं खडीत खळगा करते, हजारो अंडी घालते, आणि काही दिवसांत दोघंही मरतात. मेलेले मासे तिथंच राहू देतात, कारण त्यांच्यावरच पाण्यातले किडे पोसतात आणि पिल्लं त्या किड्यांवर. वास येतो, नाक मुरडू नका. पिल्लं बहुतेक वर्षभर जवळच्या शुस्वॅप तळ्यात राहून समुद्राकडं जातात, चौथ्या वर्षी परततात.

म्हणूनच मोठी चढण दर चार वर्षांनी: 2018, 2022, 2026, 2030. ऑक्टोबरचा पहिला पंधरवडा धरा. मधल्या वर्षांत मासे बरेच कमी, तेव्हा एवढ्या लांब जाऊ नका, बॅलर्डच गाठा. ही चढणही एकदा मोडली होती. रेल्वेच्या कामात, ॲडम्सकडं येणाऱ्या माशांच्या वाटेवरच, फ्रेझर नदीच्या हेल्स गेटच्या अरुंद खिंडीत 1914 मध्ये दरड कोसळली, आणि माशांसाठी वाटा बांधायला 1940 चं दशक उजाडलं.

अमेरिकेचा व्हिसा असला तरी कॅनडाचा वेगळा लागतो, तो भारतातून निघण्याआधीच काढा.